गाडी बदलण्याचे गाव : कुर्डुवाडी स्थानकाचा इतिहास

सोलापूर जिल्ह्याच्या माढा तालुक्यातील कुर्डुवाडी आज ज्या नावाने ओळखली जाते, त्या नावाची पाटी तेथील रेल्वे स्थानकावर आरंभापासून नव्हती. ग्रेट इंडियन पेनिन्शुला रेल्वे, म्हणजे जिला संक्षेपाने जी.आय.पी. म्हटले जाई, त्या कंपनीने पुण्याकडून सोलापूरच्या दिशेने टाकत आणलेला लोहमार्ग १८५९ मध्ये येथे पोहोचला, तेव्हा स्थानकाला ‘बार्शी रोड’ असे नाव देण्यात आले आणि पुढे दीर्घकाळ तिकिटांवर, वेळापत्रकांत व सरकारी कागदपत्रांत तेच चालत राहिले. नावापुढे ‘रोड’ जोडण्याची ही पद्धत रेल्वेच्या जुन्या संकेतांपैकी एक आहे. ज्या शहरासाठी स्थानक बांधले ते शहर रुळांपासून दूर असेल आणि तेथे जाण्यासाठी उतारूला सडकेने पुढचा प्रवास करावा लागत असेल, तर त्या शहराच्या नावाला ‘रोड’ हे पद लावले जाई. नाशिक रोड, अक्कलकोट रोड, लातूर रोड ही नावे त्याच संकेताने पडली. बार्शी रोड हे नावदेखील असेच स्थानक जेथे आहे त्या जागेचे नसून ते ज्याच्यासाठी आहे त्या गावाचे होते. जवळच्या कुर्डू या गावाची एक वाडी एवढीच त्या जागेची ओळख होती. रेल्वे आली नसती तर तिची नोंद महसुली दप्तराबाहेर फारशी झाली नसती, असे म्हणण्यास पुरेसा आधार आहे.

बार्शी हे बालाघाटाच्या पायथ्याचे, कापूस, ज्वारी, तूर आणि तेलबियांच्या व्यापाराने भरभराटीला आलेले शहर होते. त्याच्या सीमेला लागूनच निजामाचा मुलूख सुरू होत असल्यामुळे मराठवाड्यातला शेतमाल बैलगाड्यांनी बार्शीच्या पेठेत उतरत असे आणि तेथील आडत्यांमार्फत, म्हणजे शेतकऱ्याचा माल दलालीवर विकून देणाऱ्या मध्यस्थांमार्फत, पुढे मुंबईकडे जात असे. एवढी मोठी पेठ जी.आय.पी.ने बाजूला टाकली याचे कारण मार्गाच्या अंतिम उद्दिष्टात होते. हा मार्ग मुंबईला मद्रासशी जोडण्यासाठी आखला जात होता, पुण्याहून भीमेच्या खोऱ्यातून सोलापूर आणि तेथून रायचूर अशी त्याची दिशा होती, व सुमारे २१ मैल ईशान्येला असलेल्या बार्शीसाठी वळसा घेण्याची कंपनीची तयारी नव्हती. १८६० मध्ये गाडी सोलापूरला पोहोचली आणि १८७१ मध्ये रायचूरजवळ मद्रासकडून आलेल्या मार्गाला येऊन मिळाली. त्या लांबलचक मार्गावर बार्शी रोड हे मधले एक लहान स्थानक राहिले.

ते सुरू झाले त्या वेळी मुंबईपर्यंतचा लोहमार्गही सलग नव्हता, ही गोष्ट सहसा लक्षात घेतली जात नाही. खंडाळा ते पुणे हा टप्पा जून १८५८ मध्ये सुरू झाला होता, घाटाखाली खोपोलीपर्यंत गाडी त्याआधीच येत होती. पण मधल्या बोरघाटाचे काम पुरे होऊन तो २१ एप्रिल १८६३ रोजी खुला झाला. त्यामुळे पहिली सुमारे चार वर्षे बार्शी रोडहून निघालेला उतारू आणि माल खंडाळ्याला उतरून घाट सडकेने पार करी आणि खोपोलीला पुन्हा गाडीत चढे. बार्शीच्या कापसाची गाठ या काळात बैलगाडी, आगगाडी, पुन्हा बैलगाडी आणि पुन्हा आगगाडी अशी तीन वेळा वाहन बदलत मुंबईच्या बंदरात पोहोचत होती. घाट खुला झाला तेव्हा अमेरिकेत यादवी युद्ध चालू होते, तिकडचा कापूस बंद झाल्यामुळे इंग्लंडच्या गिरण्यांना हिंदुस्थानी कापूस वाटेल त्या भावाने हवा होता, आणि दख्खनच्या कापूसपेठांना रेल्वेचे महत्त्व त्या काही वर्षांत जेवढे पटले तेवढे एरवी अनेक दशकांत पटले नसते. युद्ध १८६५ मध्ये संपले आणि भाव कोसळले. बार्शी रोडला माल आणून टाकण्याची सवय मात्र राहिली.

बार्शी ते बार्शी रोड ही सडक पुढील जवळजवळ चाळीस वर्षे या स्थानकाची खरी शाखा होती, फक्त तिच्यावर रूळ नव्हते. भरलेली बैलगाडी तासाला दोन मैलांच्या आसपास चालते हे धरले तर २१ मैलांच्या या मजलेला न थांबताही दहा तासांहून अधिक लागत. पावसाळ्यात काळ्या मातीत चाके रुतत आणि कापसाचा मुख्य हंगाम उलटून गेल्यावरही माल अडून राही. या वाहतुकीभोवती हुंडेकऱ्यांचा धंदा उभा राहिला. व्यापाऱ्याचा माल आपल्या जबाबदारीवर स्थानकापर्यंत पोहोचवणे, तो मालधक्क्यावर, म्हणजे वाघिणीत (मालडब्यात) माल भरण्या-उतरवण्यासाठी बांधलेल्या उंच ओट्यावर, लावून घेणे, वजन करून रेल्वेची पावती मिळवणे आणि ती पावती व्यापाऱ्याच्या हाती देणे, हे हुंडेकऱ्याचे काम होते. या पावतीला बाजारात ‘बिल्टी’ म्हणत. ती ज्याच्या हाती तो मालाचा धनी, असा व्यवहार असल्याने माल वाटेत असतानाच बिल्टीवर उचल मिळे आणि मालाची विक्रीही होई. रेल्वेने पेठेला गती दिली असे सामान्यपणे म्हटले जाते. पतव्यवहाराला तिने दिलेला हा कागदी आधार त्या गतीइतकाच मोलाचा होता.

उतारूंसाठी त्या काळच्या अशा स्थानकावर ज्या सोयी असत त्या आजच्या नजरेला तुटपुंज्या वाटतील, तरी आसपासच्या गावांना त्या सर्वस्वी नव्या होत्या. तिकीट म्हणजे जाड पुठ्ठ्याचा लहानसा आयताकृती तुकडा असे, त्यावर अनुक्रमांक आधीच छापलेला असे आणि खिडकीतला कारकून तो एका दाबयंत्रात सरकवून तारीख उमटवून देई. इंग्लंडमध्ये टॉमस एडमंडसन याने १८३०च्या दशकात काढलेली ही पद्धत हिंदुस्थानात विसाव्या शतकाच्या अखेरीपर्यंत टिकली. फलाटावर टांगलेला रुळाचा तुकडा लोखंडी दांड्याने ठोकून गाडी सुटल्याची वर्दी दिली जाई. तारेची सोय स्थानकांमध्ये गाड्यांच्या हालचाली कळवण्यासाठी झाली होती, पण ज्या भागात सरकारी तारघर दूर होते तेथे व्यापाऱ्यांचे भाव आणि घरच्या मृत्यूच्या बातम्याही रेल्वेच्या तारेनेच येत. पिण्याचे पाणी हिंदूंसाठी आणि मुसलमानांसाठी वेगवेगळ्या पाणक्यांकडून दिले जाई आणि ज्यांना समाजाने अस्पृश्य ठरवले होते त्यांच्या ओंजळीत ते वरून ओतले जाण्याची किंवा मुळीच न मिळण्याची पाळी येई. एकाच डब्यात सर्वांना बसवणाऱ्या रेल्वेने जातिभेद सैल केला हे विधान अंशतः खरे आहे, मात्र फलाटावरच्या पाण्याचा इतिहास त्याच्याजवळ ठेवूनच ते केले पाहिजे.

वेळेच्या बाबतीत स्थानकाने आणलेला बदल याहून सूक्ष्म होता. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात देशभरच्या रेल्वेगाड्या ‘मद्रास वेळे’प्रमाणे धावत, तर मुंबईत स्थानिक ‘मुंबई वेळ’ चाले आणि ती मद्रास वेळेच्या सुमारे अर्धा तास मागे असे. कुर्डुवाडीच्या रेखांशावरून हिशेब केला तर तेथील स्थानकाचे घड्याळ गावच्या सूर्यापेक्षा सुमारे २० मिनिटे पुढे होते. सूर्य डोक्यावर आला म्हणजे दुपार, असे मानणाऱ्या शेतकऱ्याला गाडी गाठायची तर त्या मध्यान्हीच्या आधीच फलाटावर पोहोचावे लागे, कारण स्थानकात तोपर्यंत बारा वाजून गेलेले असत. पुढे विसाव्या शतकाच्या आरंभी रेल्वेने भारतीय प्रमाणवेळ स्वीकारली तेव्हा मद्रासशी असलेला हा संबंध तुटला.

बार्शी आणि बार्शी रोड यांच्यामधली सडक रुळांखाली आणण्याचे श्रेय एव्हरार्ड कॅल्थ्रॉप या इंग्रज अभियंत्याकडे जाते. १८५७ मध्ये जन्मलेला हा माणूस १८८२ मध्ये जी.आय.पी.च्या नोकरीत हिंदुस्थानात आला. मोठ्या मार्गापासून दूर राहिलेल्या पेठांना स्वस्तात रेल्वे कशी देता येईल हा त्याच्या चिंतनाचा विषय होता, आणि बार्शीची शाखा त्याने कित्येक वर्षे पाठपुरावा करून, अखेर जी.आय.पी.ची नोकरी सोडल्यानंतर पदरात पाडून घेतली. १८९५ मध्ये ‘बार्शी लाइट रेल्वे’ ही कंपनी इंग्लंडमध्ये स्थापन झाली आणि १८९७ मध्ये बार्शी रोड ते बार्शी या २१ मैलांच्या मार्गावर गाडी सुरू झाली. मुंबई–ठाणे हा देशातला पहिला प्रवासी मार्गही २१ मैलांचाच होता. त्याच्यानंतर ४४ वर्षांनी तेवढेच अंतर बार्शीच्या वाट्याला आले. ते वर्ष सोलापूर जिल्ह्यात दुष्काळाचे आणि मुंबई इलाख्यात प्लेगचे होते. धान्य येण्यासाठी रेल्वे हवी होती, आणि प्लेग पसरू नये म्हणून त्याच रेल्वेच्या स्थानकांवर उतारूंची तपासणी चालू होती.

कॅल्थ्रॉपच्या रचनेतील मर्म समजण्यासाठी दोन संज्ञा स्पष्ट करणे आवश्यक आहे. पहिली ‘गेज’, म्हणजे दोन रुळांच्या आतल्या कडांमधील अंतर. जी.आय.पी.चा मार्ग ब्रॉड गेजचा, ५ फूट ६ इंच म्हणजे १,६७६ मिलिमीटर रुंदीचा होता, तर बार्शीचा मार्ग २ फूट ६ इंच म्हणजे ७६२ मिलिमीटरचा, नॅरो गेज या वर्गातला होता. दुसरी संज्ञा ‘आसभार’, म्हणजे चाकांच्या एका जोडीवरून रुळावर पडणारे वजन. कॅल्थ्रॉपने असा नियम घातला की इंजिन असो, उतारूंचा डबा असो की मालाची वाघीण, कोणत्याही वाहनाचा आसभार ५ टनांपेक्षा जास्त असता कामा नये. वजन अधिक चाकांवर सारखे वाटले गेले की हलका रूळ पुरतो, हलक्या रुळाला हलका पूल चालतो, आणि मार्ग कमी भांडवलात उभा राहतो, असा त्यामागचा हिशेब होता. त्यासाठी लीड्सच्या किटसन कारखान्याने बांधलेल्या पहिल्या इंजिनांना जोडलेल्या चाकांच्या चार जोड्या आणि मागे भार पेलणाऱ्या आणखी दोन जोड्या होत्या, तर वाघिणी दाबून घडवलेल्या पोलादाच्या, २५ फूट लांब व ७ फूट रुंद अशा एकाच मापाच्या सांगाड्यावर बांधल्या होत्या. हे सामान हिंदुस्थानात पाठवण्यापूर्वी लीड्सजवळ तात्पुरता मार्ग टाकून तज्ज्ञांसमोर त्याची चाचणी घेण्यात आली होती. बार्शीच्या या अनुभवावरूनच पुढे इंग्लंडच्या स्टॅफर्डशायरमध्ये लीक अँड मॅनिफोल्ड ही छोटी रेल्वे १९०४ मध्ये सुरू झाली आणि तिचाही अभियंता कॅल्थ्रॉपच होता. वसाहतीतला प्रयोग मायदेशी परत गेल्याच्या विरळ उदाहरणांपैकी ही एक घटना आहे, आणि तिचा उगम माढा तालुक्यातल्या एका वाडीत आहे याचा विसर पडू नये.

मार्ग वाढत गेला तसे बार्शी रोडचे स्वरूप पालटले. पूर्वेकडे तो बार्शीहून निजामाच्या हद्दीत शिरून येडशी, तडवळे, ढोकी, मुरूड असा १९११ मध्ये लातूरला पोहोचला. पश्चिमेकडे विसाव्या शतकाच्या पहिल्या पंधरा वर्षांत तो पंढरपूरला गेला आणि तेथून सांगोला, कवठेमहांकाळ या बाजूने १९२७ मध्ये मिरजेला जाऊन भिडला. लातूर ते मिरज असा सुमारे २०२ मैलांचा हा सलग नॅरो गेज मार्ग एकाहून अधिक राजवटींतून जात होता, आणि निजामाच्या राजवटीत लातूरचा माल संस्थानाची करोडगिरी, म्हणजे जकात, चुकती करूनच ब्रिटिश मुलखात येत असे. या मार्गाच्या मध्यावर, मुंबई–मद्रास मार्ग जेथे त्याला छेदतो तेथे बार्शी रोड होते. चार दिशांनी येणारी वाहतूक येथे एकत्र येई, परंतु दोन मार्गांची रुंदी वेगळी असल्याने एका मार्गाचे वाहन दुसऱ्यावर जाऊ शकत नव्हते, आणि या एकाच अडचणीवर कुर्डुवाडीचे शहर उभे राहिले.

रुळांची रुंदी बदलते त्या ठिकाणी माल एका वाघिणीतून काढून दुसरीत भरण्याच्या कामाला रेल्वेच्या भाषेत ‘ट्रान्सशिपमेंट’ म्हणतात आणि येथे त्याला सुटसुटीतपणे ‘पलटी’ म्हणू. मुंबईच्या बाजारात कापसाची बांधीव गाठ ३९२ पौंडांची, म्हणजे जवळजवळ १७८ किलोंची धरली जाई. लातूर वा बार्शीहून आलेली अशी प्रत्येक गाठ कुर्डुवाडीला हातांनी उतरवली जाई, तिच्यावरची खूण पाहून मोजणी होई, फाटलेल्या वा भिजलेल्या गाठीची वेगळी नोंद केली जाई आणि मग ती मोठ्या वाघिणीत रचली जाई. उलट दिशेने मीठ, रॉकेल, लोखंड, कापड आणि दुष्काळी सालात धान्य येई. या पलटीचा खर्च आणि विलंब हा अशा लहान रेल्वेंवरचा मुख्य आक्षेप होता. कॅल्थ्रॉपच्या पक्षाचे उत्तर असे होते की स्वस्त मार्ग बांधून वाचणाऱ्या भांडवलाच्या व्याजापुढे हमाली अल्प ठरते. आणि केवळ कंपनीच्या ताळेबंदापुरते पाहिले तर ते उत्तर चूक नव्हते. त्या हिशेबात न मावणाऱ्या गोष्टी दोन होत्या. हंगाम भरात असताना मोठ्या वाघिणी वेळेवर मिळाल्या नाहीत की माल धक्क्यावर तुंबे आणि अवकाळी पावसात भिजे, त्याचा तोटा कंपनीच्या वहीत दिसत नसे. दुसरी गोष्ट म्हणजे ज्या पाठींवर ही सर्व व्यवस्था पेललेली होती, त्या पाठींची झीज कोणत्याही वहीत दिसत नव्हती. कोरडवाहू शेती दर तीन-चार वर्षांनी हात टेकते अशा या मुलखात हमालीचे काम रोख पैसा देई, म्हणून आसपासच्या गावांतून माणसे येथे येऊन राहिली. हमालांपाठोपाठ खानावळी आल्या, त्यांच्यामागून हुंडेकऱ्यांच्या पेढ्या आणि गाडीतळ आले. गावाची बाजारपेठ स्थानकाच्या तोंडाशी वाढत गेली.

उतारूंच्या बाबतीत याच अदलाबदलीचे सर्वांत मोठे दर्शन वारीच्या दिवसांत घडे. पंढरपूरचा मार्ग होण्यापूर्वीही मुंबई, पुणे आणि सोलापूर या बाजूंचे अनेक वारकरी बार्शी रोडला उतरून उरलेले सुमारे ३० मैल बैलगाडीने वा पायी जात. छोटी गाडी सुरू झाल्यावर हे अंतर काही तासांचे झाले. वारी म्हणजे आळंदी-देहूपासून पायी चालत जाणे, ही समजूत योग्यच आहे, तरी ज्यांना शेतीची वा गिरणीची कामे सोडून पंधरा-वीस दिवस चालणे शक्य नव्हते, जे वृद्ध वा आजारी होते, आणि जे चालत जाऊन गाडीने परतत, त्यांच्यासाठी कुर्डुवाडी हे वारीचेच एक ठाणे झाले होते. आषाढी आणि कार्तिकीच्या सुमारास जादा गाड्या सोडल्या जात, तरीही डब्यांत मावेनात तितके लोक छपरांवर बसत आणि सावकाश चालणारी ती लहानशी गाडी टाळ-मृदंगाच्या गजरात माळरानातून पुढे सरकत राही. पटकी, म्हणजे कॉलरा, ही यात्रेची जुनी सोबतीण होती. रेल्वेने यात्रेकरूंबरोबर तिचाही प्रवास जलद केला, त्यामुळे यात्राकाळात स्थानकावरील पाणी, स्वच्छता आणि रोग्यांचे विलगीकरण हे प्रश्न आरोग्य खात्याच्या दृष्टीने ऐन निकडीचे ठरले. एकादशीच्या आधीच्या दोन-तीन रात्री मोठ्या गाडीतून उतरलेल्या आणि छोट्या गाडीची वाट पाहत फलाटावर, धक्क्यावर, उघड्या पटांगणात झोपलेल्या हजारोंच्या मुक्कामाने या स्थानकाचे वार्षिक चक्र ठरत असे, आणि त्याच्या इतिहासात कापसाच्या गाठींइतकीच जागा या मुक्कामाला दिली पाहिजे.

छोट्या रेल्वेचा कारखानाही कुर्डुवाडीलाच होता. इंजिने, डबे आणि वाघिणी यांची नियतकालिक दुरुस्ती येथे होई, त्यामुळे लोहार, सुतार, कातारी आणि ओतारी यांच्या परंपरागत कसबाला यंत्रशाळेचे वळण मिळालेला कामगारवर्ग गावात स्थिरावला. स्थानकात इंजिनांना पाणी देण्यासाठी उंचावरची टाकी आणि आडव्या नळाचा खांब होता. ज्या प्रदेशात उन्हाळ्यात विहिरींचा तळ दिसतो तेथे वाफेच्या इंजिनाची तहान भागवणे ही नित्याची चिंता होती. एकेरी मार्गावर समोरासमोर दोन गाड्या येऊ नयेत म्हणून चालकाच्या हाती मार्ग मोकळा असल्याची खूण द्यावी लागते. लोखंडी गोळा वा तत्सम खूण वेताच्या कड्यात अडकवून धावत्या इंजिनावर झेलली जाण्याचे दृश्य अशा मार्गांवर सर्वत्र दिसे. सांधेवाला, म्हणजे गाडीला एका रुळावरून दुसऱ्यावर नेणारी तरफ हलवणारा, खलाशी, गँगमन, गार्ड, मास्तर यांची वस्ती रेल्वेच्या चाळींतून वाढली आणि पाळीच्या भोंग्याने गावाचा दिवस बांधला गेला.

जी.आय.पी. सरकारी व्यवस्थापनाखाली १९२५ मध्येच आली होती आणि नोव्हेंबर १९५१ मध्ये ती मध्य रेल्वेत विलीन झाली. बार्शी लाइट ही मात्र खासगी विलायती कंपनी म्हणून स्वातंत्र्यानंतरही काही वर्षे चालली आणि १ जानेवारी १९५४ पासून सरकारने ती ताब्यात घेतली. एकाच स्थानकात दोन मालक, दोन वेळापत्रके आणि दोन हिशेब असण्याचा काळ तेव्हा संपला; दोन रुंदींचा काळ संपायला आणखी अर्धशतक जायचे होते. तोपर्यंत सडकांवर राज्य परिवहनाच्या बसगाड्या आल्या होत्या, मालमोटारी कापूस शेतकऱ्याच्या दारातून थेट गिरणीत नेऊन टाकू लागल्या होत्या, आणि त्यांच्यापुढे पलटीचा वेळखाऊ मार्ग टिकाव धरत नव्हता. मराठी बोलण्यात ‘बार्शी लाइट’ हे संथपणाचे दुसरे नाव म्हणून याच काळात रूढ झाले असावे. ज्या ५ टनांच्या मर्यादेमुळे मार्ग जन्माला आला त्याच मर्यादेमुळे त्याचा वेग आणि वहनक्षमता वाढू शकत नव्हती, हे त्यामागचे तांत्रिक वास्तव आहे.

रुंदीकरणाचे काम टप्प्याटप्प्याने झाले. या शतकाच्या आरंभी कुर्डुवाडी–पंढरपूर हा ५२ किलोमीटरचा टप्पा ब्रॉड गेज झाला, २००७ आणि २००८ मध्ये लातूर–उस्मानाबाद व उस्मानाबाद–कुर्डुवाडी हे टप्पे पुरे झाले, आणि त्यानंतरच्या दोन-तीन वर्षांत पंढरपूर–मिरजही जोडले गेले. जुना मार्ग येडशीहून थेट तडवळ्याकडे जाताना उस्मानाबाद, म्हणजे आजचे धाराशिव, बाजूला ठेवून गेला होता. रुंदीकरणात नवा मार्ग वळवून जिल्ह्याचे हे ठिकाण त्यावर आणले गेले. १८५९ मध्ये बार्शीला जे मिळाले नाही ते दीडशे वर्षांनी धाराशिवला मिळाले, असे या वळणाचे वर्णन करता येईल.

या सलगतेचा अर्थ एप्रिल २०१६ मध्ये सर्वांना कळला. लातूर शहरातील पाणी संपले तेव्हा मिरजेहून कृष्णेचे पाणी रेल्वेने पाठवण्याचे ठरले आणि १० टाकी-वाघिणींतून सुमारे ५ लाख लिटर पाणी घेऊन निघालेली पहिली गाडी १२ एप्रिलच्या पहाटे लातूरला पोहोचली. पुढे ५० वाघिणींच्या गाडीतून एका खेपेला सुमारे २५ लाख लिटर पाणी जाऊ लागले. मिरज, पंढरपूर, कुर्डुवाडी, बार्शी, लातूर हा तिचा सुमारे ३४२ किलोमीटरचा प्रवास म्हणजे, धाराशिवचे वळण सोडले तर, बार्शी लाइटचीच वाट होती. या वाघिणी राजस्थानातील कोटा येथून स्वच्छ करून आणलेल्या होत्या; नॅरो गेजच्या दिवसांत त्या मिरजेपलीकडे एक पाऊलही पुढे जाऊ शकल्या नसत्या. ज्या स्थानकात इंजिनाला पाणी पाजण्याची धडपड होती त्याच स्थानकातून ही गाडी एकही टाकी न उघडता पुढे गेली.

पलटी संपल्याने कुर्डुवाडीच्या मालधक्क्याची जुनी गजबज ओसरली. कारखाना मात्र टिकला. बार्शीची इंजिने गेल्यानंतरही नेरळ–माथेरान या २ फुटी मार्गाच्या गाड्यांची दुरुस्ती त्याच्याकडे राहिली, त्यामुळे लहान रुंदीच्या गाड्यांचे तेथे साठलेले ज्ञान पूर्णपणे लोपले नाही. मुख्य मार्गाचे दुहेरीकरण आणि विद्युतीकरण झाले आहे, मुंबई–सोलापूर मार्गावर फेब्रुवारी २०२३ मध्ये सुरू झालेली वंदे भारत एक्स्प्रेस येथे थांबते, आणि कोल्हापूर वा मिरजेकडून लातूरमार्गे विदर्भात जाणारी गाडीही याच स्थानकातून जाते. दक्षिणेकडून वा मुंबईकडून येणाऱ्या बहुतेक गाड्या अजूनही पंढरपूरला वळत नाहीत. आषाढीच्या आधीच्या दिवसांत त्यांतून उतरलेले वारकरी कुर्डुवाडीच्या फलाटावर पिशव्या-पडशा खाली ठेवतात आणि पंढरपूरची गाडी कोणत्या फलाटावर लागणार, हे विचारून घेतात.